भोंगा, जिना आणि मोबाइल : गिरणगावाचा एक अभ्यास

एनसीसीच्या मॅप रीडिंगच्या तासाला आम्हांला सर्वांत आधी जमीन वाचायला शिकवतात. टेकडी कुठे आहे, नाला कुठून ओलांडता येईल, पुलावरून एका वेळी किती माणसे जातील, हे पाहिल्याशिवाय पुढचा बेत करायचा नाही. संदेशवहनाच्या तासाला याच्या जोडीचा धडा मिळतो. संदेश वेळेवर पोहोचला नाही, तर जमीन कितीही पाठ असून उपयोग होत नाही. मला वाटते, शहराचा अभ्यासही या दोन प्रश्नांनी करता येतो. शहराची जमीन कशी आहे आणि त्या शहरात संदेश कसा जातो, या दोन गोष्टींवर तिथली माणसे कशी राहतात, सण कसे करतात, एकमेकांना किती ओळखतात हे बरेचसे ठरते.

या लेखासाठी मी मुंबईचा एक लहान भाग घेतला आहे. परळ, लालबाग, लोअर परळ, प्रभादेवी हा तो भाग. जुनी माणसे त्याला गिरणगाव म्हणतात. हा भाग निवडण्याची कारणे दोन. इथली जमीन आणि इथले संदेशवहन दोन्ही दीडशे वर्षांत पूर्ण बदलले, त्यामुळे तुलना करणे सोपे जाते. दुसरे कारण घरचे आहे. माझे आजोबा इथल्या एका गिरणीत साचाखात्यात, म्हणजे कापड विणण्याच्या खात्यात होते. त्यामुळे काही माहिती पुस्तकातली आहे आणि काही त्यांच्या तोंडची.

१. भोंग्याचे शहर

भारतातली पहिली प्रवासी रेल्वे १६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदर ते ठाणे धावली. पुढच्याच वर्षी कावसजी दावर यांनी मुंबईत कापडगिरणीची कंपनी काढली. रेल्वेने कापूस बंदरापर्यंत येऊ लागला आणि गिरण्यांना माणसे लागू लागली. ती कोकणातून, साताऱ्याहून, कोल्हापूरकडून आली.

या माणसांकडे घड्याळे नव्हती. पाळी सुरू होण्याची वेळ गिरणीचा भोंगा सांगायचा. भोंगा हे त्या काळचे नेटवर्कच होते. एकाच वेळी सगळ्यांना एकच संदेश, आणि तोही एकाच दिशेने. कामगाराला उलट काही सांगायचे असेल तर भोंग्याचा उपयोग नव्हता. त्यासाठी चाळ होती.

१९२० च्या दशकात सरकारच्या बॉम्बे डेव्हलपमेंट डिपार्टमेंटने वरळी, नायगाव, शिवडी आणि आजच्या ना. म. जोशी मार्गावर चाळी बांधल्या. त्याच बीडीडी चाळी. एक खोली सुमारे १६० चौरस फुटांची. बाहेर सगळ्यांचा एकच लांब पॅसेज, संडास आणि नळ सामाईक. एका गावची माणसे मिळून एक खोली घ्यायची. तिला गावकीची खोली म्हणत. दिवसपाळीवाले कामावर गेले की रात्रपाळीवाले त्याच जागेत झोपत. जेवण खानावळीत. खानावळ चालवणाऱ्या बाया बहुधा कामगारांच्याच घरच्या. पगार झाला की खात्याचे पैसे द्यायचे, तोपर्यंत उधारी. या खानावळवाल्या बायकांना एकत्र करून प्रेमा पुरव यांनी १९७५ मध्ये अन्नपूर्णा महिला मंडळ उभे केले.

इतक्या कमी जागेत इतकी माणसे राहिली म्हणून भजनी मंडळे झाली, लेझमीची पथके झाली, शाहीर झाले. अण्णाभाऊ साठे, शाहीर अमर शेख, कवी नारायण सुर्वे ही नावे याच कामगारवस्तीशी जोडलेली आहेत. सणसुद्धा जागेशी बांधलेले आहेत. मुंबईतल्या सार्वजनिक गणेशोत्सवाची सुरुवात १८९३ मध्ये गिरगावातल्या केशवजी नाईक चाळीत झाली. लालबागच्या राजाची कथा तर सरळ जागेचीच आहे. तिथला बाजार बंद झाल्यावर कोळी आणि व्यापारी यांनी कायमची जागा मिळावी म्हणून नवस केला, जागा मिळाली आणि १९३४ मध्ये गणपती बसला.

चाळीचा पॅसेज म्हणजे काय, हे मला वाचून फारसे कळले नसते. पण आमच्या हाउसचा व्हरांडा तसाच आहे. एका ओळीत पलंग, बाहेर एकच कट्टा, पाण्यासाठी एकच रांग. कोणाला घरून पत्र आले, कोणाला ताप आहे, कोणाचे कोणाशी बिनसले, हे विचारावे लागत नाही. कोणी सांगायचे टाळले तरी कळते. त्याचा त्रासही होतो, हे प्रत्येक कॅडेटला माहीत आहे. आजोबाही चाळीबद्दल हेच सांगतात. आजारपणात कोणी एकटा पडत नसे आणि भांडणात कोणी एकटा सुटत नसे.

२. जमिनीचा भाव

१८ जानेवारी १९८२ रोजी दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली गिरण्यांचा संप सुरू झाला. सुमारे अडीच लाख कामगार त्यात होते. संप लांबला, पुष्कळ गिरण्या पुन्हा नीट उभ्या राहिल्याच नाहीत. आजोबा काही महिने गावी गेले, परत येऊन वॉचमनची नोकरी धरली. गिरण्या थांबल्या, पण त्यांच्याखालची सुमारे ६०० एकर जमीन शहराच्या मधोमध तशीच होती. कापडापेक्षा ती जमीन महाग झाली.

१९९१ च्या विकास नियमांत या जमिनीची साधारण तीन भागांत वाटणी ठरली. एक भाग मोकळ्या जागांसाठी महापालिकेला, एक घरांसाठी म्हाडाला, एक मालकाला. २००१ मध्ये नियम बदलला आणि ही वाटणी फक्त आधीपासून मोकळ्या असलेल्या जमिनीला लागू झाली. गिरणीच्या आवारात इमारतीच जास्त, मोकळी जमीन थोडी. त्यामुळे शहराच्या वाट्याला आलेली जागा खूपच घटली. प्रकरण न्यायालयात गेले आणि २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने बदललेला नियम कायम ठेवला. फिनिक्स मिलच्या जागी मॉल आला, कमला मिलच्या आवारात ऑफिसे आली, बाकी ठिकाणी उंच इमारती.

याच काळात नवे नेटवर्क आले. १५ ऑगस्ट १९९५ रोजी विदेश संचार निगमने सामान्य लोकांसाठी इंटरनेट सुरू केले. समुद्राखालून येणाऱ्या ज्या केबल भारताला जगाशी जोडतात, त्यांतल्या पुष्कळ मुंबईच्या किनाऱ्यावर येतात. इंटरनेट ढगात असते असे आपण म्हणतो, पण त्याचे टोक ओल्या वाळूतून वर येते.

आता प्रश्न असा, की नेटवर्कवर कुठूनही काम करता येते, तर सगळी ऑफिसे लोअर परळलाच का गोळा झाली? समाजशास्त्रज्ञ मॅन्युएल कॅस्टेल्स यांनी १९९६ च्या त्यांच्या ग्रंथात याचे उत्तर दिले आहे. त्यांच्या मते आजच्या समाजात दोन प्रकारचे अवकाश आहेत. एक स्थळांचा, जिथे माणसे राहतात. दुसरा प्रवाहांचा, जिथून पैसा आणि माहिती धावते. पण प्रवाहालाही गाठी लागतात. जिथे बँका, जाहिराती, वाहिन्या, वकील एकमेकांच्या जवळ असतात तिथेच अशी गाठ पडते. नेटवर्कमुळे गर्दी पांगत नाही, काही ठिकाणी ती आणखी दाटते. गिरणगाव अशी गाठ झाले.

३. दोन पाऊस आणि एक जिना

या विषयात मला सर्वांत महत्त्वाच्या वाटलेल्या तीन तारखा अशा आहेत.

पहिली, २६ जुलै २००५. सांताक्रूझला चोवीस तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस पडला. त्याच दिवशी कुलाब्याला शंभर मिलिमीटरही पडला नाही. म्हणजे दक्षिण मुंबईतल्या ऑफिसच्या खिडकीतून पाहणाऱ्याला उपनगरात काय चालले आहे ते दिसतच नव्हते. लोकल थांबल्या, मोबाइल लागेनात. जमीन बुडाली आणि संदेशही थांबला. लोक रूळांवरून चालत निघाले. वाटेतल्या वस्त्यांनी त्यांना पाणी, चहा, बिस्किटे दिली. मदत झाली, पण जो दारासमोरून गेला त्यालाच.

दुसरी, २९ ऑगस्ट २०१७. पुन्हा मोठा पाऊस, पुन्हा लोकल बंद. पण या वेळी हातातले फोन चालू होते. आमच्याकडे दहा माणसे राहू शकतील, इथे जेवण आहे, असे निरोप आणि नकाशे सोशल मीडियावर फिरले. अनोळखी माणसाला अनोळखी घराचा पत्ता मिळाला. बारा वर्षांत नेटवर्कने काय दिले, ते इथे स्वच्छ दिसते.

तिसरी तारीख बरोबर एका महिन्यानंतरची, २९ सप्टेंबर २०१७. त्या वेळच्या एल्फिन्स्टन रोड स्टेशनला परळशी जोडणारा पादचारी पूल. सकाळची ऑफिसची वेळ, अचानक आलेला पाऊस, जिन्यावर आडोशाला थांबलेले लोक आणि मागून उतरणारी गर्दी. चेंगराचेंगरीत २३ माणसे गेली. त्या जिन्यावरच्या जवळजवळ प्रत्येकाच्या खिशात मोबाइल असेल. पूल अरुंद आहे हे प्रवाशांनी आधी ट्विटरवर लिहिले होते, पत्रेही गेली होती. म्हणजे संदेश गेला होता. जमीन बदलली नव्हती.

गिरण्यांच्या जागी टॉवर आले, त्यांत हजारो माणसे रोज येऊ लागली, पण जिना गिरणीच्या काळातला राहिला. इमारतीतून जगभर क्षणात माहिती जाते आणि इमारतीपर्यंत येणारा माणूस अरुंद जिन्यावर अडकतो. यानंतर नवा पूल बांधण्याचे काम भारतीय लष्कराकडे आले. सॅपर्सनी चार महिन्यांच्या आत तो उभा केला आणि २७ फेब्रुवारी २०१८ रोजी तो खुला झाला. आपल्या शाळेत सॅपर्सचा अभिमान सगळ्यांनाच आहे, मलाही आहे. पण अभ्यास करताना मला वाटले, की शहराने आपली जमीन वेळेवर वाचली असती तर तिथे लष्कराला बोलवावे लागले नसते.

४. पॅसेज आणि ग्रुप

आता घरातली गोष्ट. माझी आत्या परळच्या एका टॉवरमध्ये दोन घरी स्वयंपाकाचे काम करते. तिथे पूर्वी गिरणी होती. गेटवर ती मोबाइलवर नंबर सांगते, तिचा फोटो दिसतो आणि वरच्या घरी निरोप जातो की आली. जाताना पिशवी दाखवते. आजोबांना हे सांगितले तेव्हा ते म्हणाले, “आमचीपण सुटताना झडती व्हायची गेटवर. तेव्हा हात लावून बघायचे, आता फोनवर बघतात.” मी आत्याला विचारले, तुला वाईट वाटते का? ती म्हणाली, “चोरी झाली तर माझी वेळ लिहिलेली असते, तेवढा फायदा. पण मला कोण आत येतं ते कधी दिसत नाही रे.” चाळीत पाहणारा आणि दिसणारा सारखेच असत. गेटवरच्या नोंदीत एकच बाजू पाहते.

दुसऱ्या बाजूला, नेटवर्कने आमच्या गावकीला नवे आयुष्य दिले आहे. आजोबांच्या गावकीची वही होती, वर्गणी पगाराच्या दिवशी खोलीवर गोळा व्हायची. खोली आता नाही, माणसे बदलापूर, विरार, सुरतपर्यंत पांगली. पण गावाचा व्हॉट्सअ‍ॅप ग्रुप आहे. यूपीआय २०१६ मध्ये आले, आता वर्गणी त्यावरून येते. गणपतीच्या गाडीचे आरक्षण, कोणाला रक्त हवे, कोणाच्या मुलीला वसतिगृह हवे, सगळे तिथे कळते. हे कमी नाही. खोली गेल्यावर गावकी संपली असती, ती टिकली.

तरी एक फरक उरतोच. ग्रुपमध्ये ज्यांना घेतले तेच असतात. पॅसेजमध्ये न निवडलेली माणसेही असतात. आपल्या हाउसमध्ये केरळचा, मणिपूरचा, हरियाणाचा कॅडेट शेजारच्या पलंगावर असतो. मी त्यांना निवडले नव्हते आणि त्यांनी मला. म्हणूनच आम्ही एकमेकांची भाषा थोडी थोडी शिकलो. रविवारी फोन मिळाला की प्रत्येक जण आपापल्या लोकांत जातो, आणि व्हरांडा तासभर शांत असतो.

५. निष्कर्ष

या अभ्यासातून मला तीन गोष्टी कळल्या. नेटवर्क जमिनीची जागा घेत नाही, ते जमिनीवरच उभे राहते आणि तिच्यावरचा भार वाढवते. संदेश पोहोचणे आणि काम होणे यांत अंतर असते, आणि त्या अंतरात माणसे जाऊ शकतात. आणि न निवडलेल्या माणसांची ओळख फक्त सामाईक जागेत होते. शहर बांधताना अशी जागा मुद्दाम ठेवावी लागते, उरलेल्या कोपऱ्यात ती होत नाही.

वाचकांसाठी सुट्टीतला अभ्यास : घरी गेल्यावर आपल्या गल्लीचा किंवा गावाचा साधा स्केच मॅप काढा. काहीही विकत न घेता माणसे जिथे थांबून बोलतात, त्या जागांवर खूण करा. मग आई-बाबांना विचारून त्यांच्या लहानपणीच्या अशा जागा दुसऱ्या रंगाने दाखवा. सर्वांत गर्दीच्या वेळी जवळच्या पुलाची किंवा जिन्याची रुंदी पावलांनी मोजा. नवे सत्र सुरू झाले की सगळे नकाशे भूगोलाच्या खोलीत एकत्र लावू. आपण इतक्या राज्यांतून येतो, तेव्हा देशभरातल्या गल्ल्या एका भिंतीवर येतील.