शेत कोणाचे, दर कोणाचा?

दिवाळी सरली की बिद्रीच्या रस्त्यावर उसाच्या बैलगाड्या व ट्रॅक्टर ह्यांची रांग लागते आणि कारखान्याच्या धुरांड्यातून धूर निघू लागतो. अशाच एका सकाळी इतिहासाच्या तासास एका विद्यार्थ्याने विचारले, "सर, ऊस आमचा, कारखानाही आमचाच म्हणतात, मग उसाचा दर दिल्लीत का ठरतो?" प्रश्न अभ्यासक्रमाबाहेरचा होता खरा, परंतु त्याचे उत्तर शोधू जाता कोल्हापूर प्रांताचा शंभर-सव्वाशे वर्षांचा इतिहास उलगडावा लागतो, इतकेच नव्हे तर चीनपर्यंतही जावे लागते. ते उत्तर सवडीने द्यावे म्हणून हा लेख.

साखर कारखाने येण्यापूर्वी आपल्याकडील ऊस गुऱ्हाळात जात असे. चरकातून रस काढावा, तो काहिलीत ओतावा, चुलवाणात चिपाडाचा जाळ घालावा, भेंडीच्या रसाने मळी वर आणून काढून टाकावी, आणि गुळव्याने पाकाची नेमकी वेळ साधून काहील उतरवावी. ही सारी विद्या गावातच होती. रवा तयार होईपर्यंत शेतकरी आपल्या मालाचा धनी असे. तो धनीपणा संपे तो पेठेच्या दारात. गुळाचा भाव शेतकरी सांगत नसे. तो त्यास सांगितला जाई. अडत, तोलाई, हमाली वजा जाऊन, आणि पेरणीच्या वेळी घेतलेली उचल वळती होऊन हाती जे उरे ते घेऊन तो घरी परते. शिवाय गूळ पावसाळ्यात पाझरतो. तो साठवून भाव चढण्याची वाट पाहणे व्यापाऱ्यास साधे, लहान कुणब्यास साधत नसे.

ह्या पेठेस रूप दिले ते राजर्षी शाहू छत्रपतींनी. 1891 साली कोल्हापुरास आगगाडी आली होती. 1894 साली महाराजांनी राज्यकारभार हाती घेतला आणि पुढच्याच वर्षी स्थानकालगत शाहूपुरीची व्यापारपेठ वसविली. त्यामुळे येथील गुळास दूरच्या बाजाराची वाट मोकळी झाली. महाराजांनी पेठ वसविली तसे पाण्याकडेही पाहिले. भोगावतीवरील राधानगरीचे धरण त्यांनी विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात हाती घेतले. ते अनेक वर्षे अर्धवट राहून स्वातंत्र्योत्तर काळात पुरे झाले. नद्यांवर जागोजाग दिसणारे बंधारे, ज्यांचे बरगे पावसाळ्याआधी काढून ठेवतात व ओसरत्या पाण्यावर पुन्हा बसवितात, त्यांस साऱ्या महाराष्ट्रात 'कोल्हापूर पद्धतीचे बंधारे' हेच नाव आहे. पाणी व पेठ ही दोन्ही आली की ज्वारीच्या रानात ऊस येतो, आणि घरापुरते पिकविणारा मनुष्य बाजारासाठी पिकवू लागतो. फायदा वाढतो, त्याचबरोबर परावलंबनही वाढते. ज्वारीचा भाव पडला तर ज्वारी खाता येते. उसाचे तसे नाही.

ह्या परावलंबनावर तोड निघाली ती अहमदनगर जिल्ह्यात. लोणी येथे विठ्ठलराव विखे पाटील ह्यांनी शेतकऱ्यांकडून भागभांडवल जमवून, अर्थशास्त्रज्ञ धनंजयराव गाडगीळ ह्यांच्या साहाय्याने सहकारी साखर कारखाना उभारला व 1950 च्या अखेरीस त्याचे गाळप सुरू झाले. हाच कित्ता पुढे कोल्हापूर जिल्ह्याने गिरविला. आपला दूधगंगा-वेदगंगा सहकारी साखर कारखाना, ज्यास दोन नद्यांचे नाव आहे, तोही त्याच कुळीचा. ह्या योजनेतील मर्म विद्यार्थ्यांनी नीट ध्यानात घ्यावे. जमीन कोणी कोणाच्या नावे केली नाही. बांध जागच्या जागी राहिले. ज्याचा त्याचा ऊस ज्याने त्याने वाढवावा. एकट्यास न झेपणारे जे यंत्र, तेवढेच सर्वांनी मिळून घ्यावे.

ही गोष्ट आज साधी वाटते. परंतु त्याच दशकात आपल्या शेजारच्या महादेशात नेमका उलटा प्रयोग चालू होता. चीनमध्ये 1949 साली साम्यवादी पक्षाची सत्ता आली. प्रथम जमीनदारांच्या जमिनी काढून कुळांस वाटण्यात आल्या व शेतकरी संतुष्ट झाला. पण 1953 पासून धान्याची खरेदी सरकारने स्वतःकडे घेतली, दोन-तीन वर्षांत जमिनी सामुदायिक संस्थांत गेल्या, आणि 1958 मध्ये साऱ्या देशात सुमारे 26 हजार 'लोककम्यून' स्थापन झाले. शेत सामाईक, अवजारे सामाईक, चूलदेखील सामाईक! घरोघरची भांडी पोलाद करण्यासाठी भट्टीत गेली. कामाची मजुरी पैशांत नव्हे तर गुणांत मांडली जाई. अधिकाऱ्यांनी वरिष्ठांस खूष करण्यासाठी पिकांचे फुगविलेले आकडे कळविले आणि त्या आकड्यांवरून सरकारने धान्य उचलले. परिणाम इतका भयंकर झाला की 1959 ते 1961 ह्या काळात कोट्यवधी माणसे भुकेने मेली. निरनिराळ्या अभ्यासकांचे अंदाज दीड कोटीपासून साडेचार कोटींपर्यंत जातात. हे आकडे वाचून पुढे जाणे सोपे आहे, म्हणून येथे क्षणभर थांबावे. मेलेल्यांत बहुसंख्य लोक स्वतः धान्य पिकविणारे होते.

आपण त्या वाटेने जाण्याचा विचार केलाच नव्हता असे मात्र नाही. 1956 साली भारत सरकारने चीनमधील सहकारी शेती पाहण्यास आर. के. पाटील ह्यांच्या नेतृत्वाखाली शिष्टमंडळ पाठविले होते. त्याने बहुमताने त्या पद्धतीविषयी अनुकूल मत दिले. दोन सभासदांनी भिन्नमत नोंदविले. पुढे जानेवारी 1959 मध्ये नागपूर येथे भरलेल्या काँग्रेसच्या अधिवेशनात संयुक्त सहकारी शेतीचा ठराव संमत झाला. त्याला देशभर विरोध झाला आणि तो कागदावरच राहिला. त्या दोन भिन्नमतवाल्यांचे आपण ऋणी आहोत असे प्रस्तुत लेखकास वाटते.

चीनमध्ये बदल वरून आला असे पुष्कळदा सांगतात. पण त्याची सुरुवात एका दरिद्री खेड्यात झाली. आन्हुई प्रांतातील श्यावकांग येथील 18 कुटुंबांच्या कर्त्यांनी 1978 च्या हिवाळ्यात रात्री एकत्र जमून एका कागदावर अंगठे उठविले. शेते घरोघर वाटून घ्यावयाची, सरकारचा वाटा आधी भरावयाचा, उरलेले ज्याचे त्याने ठेवावयाचे. आणि ह्यापायी कोणी तुरुंगात गेल्यास त्याची मुले इतरांनी अठरा वर्षांची होईपर्यंत सांभाळावयाची, असा तो करार होता. तेव्हा हे कृत्य बेकायदेशीर होते. पुढच्याच वर्षी पीक कित्येक पटींनी वाढले. माणसे तीच, जमीनही तीच! प्रांताचे प्रमुख वान ली ह्यांनी त्यांस पाठीशी घातले, देंग श्यावफिंग ह्यांच्या राजवटीने पुढे ती पद्धत मान्य केली आणि 1984 पर्यंत ती जवळजवळ सर्व देशभर पसरली. 1978 साली चीनचे धान्योत्पादन सुमारे 30 कोटी टन होते, ते 1984 मध्ये 40 कोटी टनांवर गेले. ह्याचे सारे श्रेय वाटणीस देणे बरोबर नव्हे. 1979 साली सरकारने धान्याचा खरेदीदर 20 टक्क्यांनी वाढविला होता, व ठरल्या वाट्याहून अधिक घातलेल्या धान्यास त्याहूनही जास्त दर दिला होता. खताचीही भर पडली होती.

शेतात रिकामे झालेले हात गावोगावच्या लहान कारखान्यांत व पुढे शेंझेनसारख्या शहरांत गेले. त्यांपैकी पुष्कळांची नोंद मात्र गावचीच राहिली, त्यामुळे शहरात मुलांची शाळा, दवाखाना ह्या बाबतींत ते उपरेच ठरले. आपल्या फडात बीडकडून ऊसतोडीस येणाऱ्या टोळ्यांची मुले पाहिली म्हणजे ही अडचण कशी असते हे समजावयास चीनला जावे लागत नाही. आणखी एक गोष्ट: चीनमध्ये जमिनीची मालकी आजही गावाच्या समुदायाकडेच आहे. शेतकऱ्यास कसण्याचा दीर्घ मुदतीचा करार मिळतो, विकण्याचा हक्क नाही.

आता त्या विद्यार्थ्याच्या प्रश्नाकडे येऊ. आपली जमीन कधीच गेली नाही. आपल्याकडे अडकला तो बाजार. कारखाना कोठे काढावयाचा ह्यास 1998 पर्यंत केंद्राचा परवाना लागे. साखरेचा काही हिस्सा शिधावाटपासाठी सरकारला स्वस्त दराने द्यावा लागे, ती 'लेव्ही' 2013 साली बंद झाली. आजही राज्यात दोन कारखान्यांत 25 किलोमीटरांचे अंतर सक्तीचे आहे. साखर परदेशी जावी की नाही, रसापासून इथेनॉल करावे की नाही, हे दिल्लीत ठरते. डिसेंबर 2023 मध्ये उसाच्या रसापासूनच्या इथेनॉलवर एका आदेशाने बंधन आले, तेव्हा हंगाम चालू होता. साखरेचा ग्राहक देशभर पसरलेला आहे व त्यालाही मत आहे, हे ह्या सर्वाचे खरे कारण.

ह्यास दुसरी बाजू आहे. 1966 च्या ऊस नियंत्रण आदेशानुसार ऊस घातल्यापासून 14 दिवसांत पैसे देणे, न दिल्यास सालीना 15 टक्के व्याज देणे कारखान्यास भाग आहे. आणि 2009 पासून 'एफआरपी' म्हणजे रास्त व किफायतशीर दर ठरवून दिला जातो. 2024-25 च्या हंगामासाठी तो 10.25 टक्के उताऱ्यास क्विंटलला 340 रुपये होता. आपल्या जिल्ह्यातील उतारा चांगला असल्याने येथे त्याहून अधिक बसतो. गुळाच्या पेठेत असा आधार नव्हता. शरद जोशी म्हणत की सरकारने शेतकऱ्याच्या वाटेतून बाजूस व्हावे. साखरपट्ट्यातील ऊस परिषदा सरकारने ठरविलेला दर आधी हातात पडू द्या म्हणतात. दोन्ही म्हणणी शेतकऱ्यांच्या हिताचीच आहेत, आणि दोन्ही एकाच वेळी पूर्णपणे मान्य करता येत नाहीत.

विद्यार्थ्यांनी आपल्या घरचे ह्या हंगामाचे उसाचे बिल वडिलांकडून मागून घ्यावे व वाचावे. वजन किती, उतारा कोणत्या सालचा धरला, तोडणी व वाहतूक किती वजा झाली, सोसायटीचे कर्ज किती वळते झाले आणि पैसे कितव्या दिवशी जमा झाले, हे पाच आकडे वहीत उतरून आणावेत. पुढील तास त्यावरूनच घेऊ.