नावामागील आशीर्वाद

सोळा संस्कारांमध्ये नामकरणाचे स्थान विशेष आहे. इतर संस्कारांची खूण काळाबरोबर पुसट होते. नामकरणाने दिलेले चिन्ह मात्र मनुष्यास जन्मभर सोडीत नाही, आणि त्याच्या मागेही उरते. आपल्या घरांत बाराव्या दिवशी बारसे होते. सुवासिनी बाळाला पाळण्याच्या वरून-खालून एकमेकींच्या हाती देतात आणि देवाची नावे घेतात. मग आत्या बाळाच्या कानात नाव सांगते. शास्त्राप्रमाणे त्या दिवशी बाळाला एक नव्हे, चार नावे मिळतात : कुलदेवतेचे, जन्ममासाचे, जन्मनक्षत्राचे आणि चौथे व्यवहाराचे. पहिली तीन कुलाशी व कालाशी बांधलेली असतात. चौथे नाव निवडण्याचे स्वातंत्र्य आईबापांना असते; म्हणून त्याची जबाबदारीही त्यांचीच.

या निवडीचा विचार आपल्या पूर्वजांनी किती बारकाईने केला होता, हे पाहण्यासारखे आहे. पतंजलींनी महाभाष्याच्या आरंभी व्याकरण कशासाठी शिकावे याची जी कारणे दिली आहेत, त्यांत मुलाचे नाव ठेवणे हे एक कारण आहे. नावाचे पहिले अक्षर घोषवर्ण असावे, म्हणजे ग, ज, द, ब, भ यांसारखे घुमणारे. मध्ये य, र, ल, व यांपैकी एखादे असावे. नाव दोन किंवा चार अक्षरांचे असावे. त्यात मागील तीन पिढ्यांचे अनुसरण असावे आणि ते शत्रूकुलात रूढ नसावे, असे ते सांगतात. ‘देव’, ‘भद्र’ ही अशी नावे होत. मुलीसाठी पारस्कर गृह्यसूत्र विषम अक्षरांचे व आकारान्त नाव सांगते. नातवास आजोबांचे नाव ठेवण्याची आपली रीतही याच विचाराशी जुळते. नाव तोंडात सहज बसावे, कानाला गोड लागावे आणि कुलाशी नाते सांगावे, एवढे या नियमांचे सार आहे.

परंतु ध्वनीपेक्षा अर्थ मोठा. भागवताच्या सहाव्या स्कंधातील अजामिळाची कथा आपण कीर्तनांत ऐकतो. अंतकाळी त्याने हाक मारली ती आपल्या धाकट्या मुलाला. पण त्या मुलाचे नाव नारायण होते, आणि तेवढ्या उच्चाराने तो तरला. आपल्या घरोघरी विठ्ठल, पांडुरंग, गोविंद, रुक्मिणी ही नावे दिसतात, त्यांच्या मुळाशी हीच श्रद्धा आहे : दिवसातून शंभर वेळा मुलाला हाक मारावी आणि तेवढ्या वेळा देवाचे स्मरण व्हावे. आळंदीच्या विठ्ठलपंतांच्या चार अपत्यांची नावे क्रमाने घेऊन पाहा : निवृत्ती, ज्ञानदेव, सोपान, मुक्ताबाई. निवृत्तीपासून मुक्तीपर्यंतचा सारा परमार्थ त्या एका घराच्या हाकांत सामावला आहे.

ही भावना केवळ आपलीच आहे, असे मात्र समजू नये. संस्कृत व्याकरणात उदाहरणादाखल पदोपदी ‘देवदत्त’ येतो. देवदत्त म्हणजे देवाने दिलेला. ग्रीकांचा थिओडोर, स्लाव लोकांचा बोगदान, यहुद्यांचा नथानिएल आणि आपल्या शेजारचा खुदाबक्ष, या साऱ्यांचा अर्थ जवळपास तोच आहे. भाषा निराळ्या, उपासना निराळ्या. पण पाळण्याशी उभ्या राहिलेल्या आईबापांच्या मनात उमटलेला कृतज्ञतेचा शब्द एकच.

आपली भरवेलीची वस्ती मँगनीजच्या खाणीभोवती वाढली. खाणीच्या गावात ठिकठिकाणची माणसे एकत्र नांदतात, त्यामुळे येथे नावांचा अभ्यास करण्यास दूर जावे लागत नाही. या भागातील गोंड आणि छत्तीसगढी घरांत जन्मवारावरून नाव ठेवण्याची जुनी चाल आहे : मंगळवारचा मंगरू, बुधवारचा बुधराम, शुक्रवारचा सुकरू, रविवारचा इतवारी. कित्येकांस ही नावे विचाराविना ठेवलेली वाटतात. परंतु आफ्रिकेतील घाना देशाच्या अकान लोकांत हीच चाल मोठ्या मानाची आहे. संयुक्त राष्ट्रसंघाचे महासचिव झालेले कोफी अन्नान यांच्या ‘कोफी’ नावाचा अर्थ शुक्रवारी जन्मलेला मुलगा, आणि १९३८ साली त्यांचा जन्म खरोखरच शुक्रवारी झाला. म्हणजे कोफी आणि आपला सुकरू हे नावाने सखे भाऊच! तसेच गोंडांची आडनावे पाहा. टेकाम हे सागाच्या आणि मरकाम हे आंब्याच्या झाडावरून आले आहे. ज्या कुलाने वृक्षाला पूर्वज मानून त्याचे नाव धारण केले, त्याची ही श्रद्धा आपल्या कुलदेवकाच्या कल्पनेहून निराळी नाही.

आता ज्या नावांना आपण हसतो, त्यांच्याकडे वळू. दगडू, धोंडू, केरू, कचरू, भिकू ही नावे जुन्या पिढीत पुष्कळ होती. ज्या घरात पाळणा हलला आणि पुन्हा पुन्हा रिकामा झाला, त्या घरात पुढच्या बाळाला असे नाव देत. हा दगड आहे, केर आहे, भिक्षेत मिळालेला आहे. याच्याकडे मृत्यूने लक्ष देऊ नये, अशी ती विनवणी असे. मंगोलियात अशा मुलास ‘नेरगुई’ म्हणजे बिननावाचा म्हणतात. चीनच्या खेड्यांत ‘कुत्र्याने टाकलेला’ अशा अर्थाचे टोपणनाव देत. नायजेरियातील योरुबा आई आपल्या बाळाला ‘मालोमो’, म्हणजे आता पुन्हा जाऊ नकोस, असे म्हणते. हजारो कोसांवरच्या या मातांनी एकमेकींस कधी पाहिले नाही. दुःखाने त्यांना एकच युक्ती शिकवली. आणि अशी नावे धारण करणारांचे कर्तृत्व तरी किती! पुण्याच्या ज्या गणपतीपुढे आज लाखो भाविक हात जोडतात, तो दगडूशेठ हलवाई यांच्या नावानेच ओळखला जातो. स्त्रीशिक्षणासाठी जन्म वेचणारे महर्षी कर्वे यांचे नाव धोंडो होते. १९५८ साली त्यांना भारतरत्न मिळाले.

परंतु ओबडधोबड नावे दोन प्रकारची असतात, हा भेद स्पष्ट सांगणे आमचे कर्तव्य आहे. एक मायेने ठेवलेले, दुसरे अवहेलनेने लादलेले. मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायात चौथ्या वर्णाचे नाव निंदाव्यंजक असावे असे म्हटले आहे. जे वचन देवाच्या लेकराला पाळण्यातच हीन ठरविते, ते ग्रंथात आहे एवढ्यासाठी मान्य होऊ शकत नाही. त्याच अध्यायात मुलीचे नाव उच्चारास सोपे, मनोहर, मंगल आणि आशीर्वादयुक्त असावे असेही सांगितले आहे. हे उत्तम वचन तरी आम्ही पाळले काय? सातारा जिल्ह्यात मुलगा हवा असताना जन्मलेल्या कित्येक मुलींची नावे ‘नकुशी’ ठेवलेली आढळली. २०११ साली तेथील जिल्हा प्रशासनाने समारंभपूर्वक २८५ मुलींना नवी नावे दिली. दगडूची आई मृत्यूला म्हणत होती, ‘हा तुला नको असू दे’. नकुशीचे घर तिलाच म्हणत होते, ‘तू आम्हांला नकोस’. पहिल्या नावात प्रार्थना आहे, दुसऱ्यात शाप. आणि तो शाप त्या मुलीने शाळेच्या हजेरीत रोज आपल्याच तोंडाने ‘हजर’ म्हणून स्वीकारायचा!

यावरून घेण्याचा बोध असा. नाव ठेवताना ते नवे आहे की जुने, दोन अक्षरी आहे की चार, याआधी एक प्रश्न विचारावा : हे मूल मोठे होऊन ‘माझ्या नावाचा अर्थ काय?’ असे विचारील, तेव्हा आपणांस आनंदाने उत्तर देता येईल काय? अर्थ ठाऊक नसलेले नाव केवळ नाद गोड म्हणून ठेवू नये. जाणत्यांस विचारावे, कोश पाहावा. मुलीच्या बारशाचा उत्साह मुलाच्या बारशाहून तसूभरही कमी नसावा. आणि शेजारच्या कचरूला वा सुकरूला हाक मारताना पूर्ण नावाने, आदराने मारावी. त्या नावामागे कोणा आईने किती रात्री जागून काढल्या असतील, हे आपणांस माहीत नसते.

मुलांसाठी या महिन्याचा अभ्यास सोपा आहे. प्रत्येकाने आपल्या आजीआजोबांस तीन गोष्टी विचाराव्यात आणि वहीत लिहून ठेवाव्यात : माझे नाव कोणी सुचविले? त्याचा अर्थ काय? आणि तुमचे नाव तुम्हांला कोणी व का दिले? तिसऱ्या प्रश्नाचे उत्तर देणारी माणसे घरात आहेत तोवरच ते विचारून घ्यावे. देवाला हजार नावांनी आळविणारा आपला धर्म आहे. त्याने दिलेल्या प्रत्येक लेकराला निदान एक तरी मंगल नाव मिळावे, हीच ईशचरणी प्रार्थना.