जुन्या चित्रणाची साक्ष

टीव्हीवर बातम्या पाहताना कोपऱ्यात ‘फाईल फुटेज’ असे लिहिलेले तुम्ही पाहिले असेल. म्हणजे ते चित्रण आजचे नाही, जुन्या संग्रहातले आहे. खऱ्या गुन्ह्यांवरचे माहितीपट बहुतेक अशाच चित्रणावर उभे असतात. (आम्ही हिंदी माध्यमात शिकलो, म्हणून आमच्या तोंडी अजून ‘वृत्तचित्र’च येते.)

२६ नोव्हेंबर २००८ चा मुंबईवरील हल्ला घ्या. डॅन रीड यांचा ‘टेरर इन मुंबई’ हा माहितीपट २००९ साली आला. त्यात सीसीटीव्हीचे चित्रण आहे, आणि पाकिस्तानात बसलेल्या सूत्रधारांचे फोनवरील बोलणेही आहे. चित्राला आवाज नाही, आवाजाला चित्र नाही. दिग्दर्शकाने दोन्ही शेजारी ठेवले, तेव्हा हुकूम देणारा आणि पाळणारा आपल्याला एकत्र कळतात. ही जोडणी नंतर कोणीतरी केलेली आहे, हे मात्र पाहणारा विसरतो.

न्यायालय विसरत नाही. छत्रपती शिवाजी टर्मिनसवर सेबॅस्टियन डिसूझा यांनी काढलेला कसाबचा फोटो जगभर छापला गेला. तरीही खटल्यात त्यांना स्वतः येऊन साक्ष द्यावी लागली. फोटो कोणी, कुठून, केव्हा काढला, हे सांगणारा माणूस लागतोच. २०१२ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने त्यांची आणि दुसरे छायाचित्रकार श्रीराम वेर्णेकर यांची प्रशंसा केली. त्याच निकालात वाहिन्यांना मात्र खडे बोल सुनावले. जवानांच्या हालचाली थेट दाखवल्या जात होत्या आणि सूत्रधार त्या पाहून फोनवर सूचना देत होते. त्या दिवसांचे चित्रण आज माहितीपटांत संग्रहित म्हणून येते. ज्या घरातला माणूस गेला, त्या घरच्यांपुढेही ते पुन्हा पुन्हा येते. ही गोष्ट आम्हांला फार खटकते.

आपल्या जवळचेच पाहा. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी पांढुर्ण्याची गोटमार टीव्हीवर दोन मिनिटे दाखवतात. त्यात दगड दिसतात. जाम नदीत रोवलेल्या पळसाची पूजा बहुधा दिसत नाही, आणि डोके फुटलेला माणूस घरी कसा पोचला, तेही दिसत नाही.

पालकांना विनंती, असे माहितीपट लहान मुलांना एकटे बसून पाहू देऊ नयेत. नववी-दहावीच्या मुलांनी गोटमारीची बातमी पाहताना वहीत दोन रकाने पाडावेत: चित्रात काय दिसले आणि निवेदकाने काय सांगितले. वह्या आम्ही स्वतः तपासू.