सुंठीवाचून खोकला

महाराष्ट्र आणि गुजरात या दोन राज्यांच्या सीमेवर, मुंबईहून अहमदाबादकडे जाणाऱ्या महामार्गालगत, अच्छाड हे गाव वसले आहे. ते पालघर जिल्ह्यातील तलासरी तालुक्यात मोडते. 1 मे 1960 रोजी ही दोन राज्ये निराळी झाली. परंतु माणसांचे जाणेयेणे आणि बोलणेचालणे काही थांबले नाही. येथील पाड्यांवर वारली बोली ऐकू येते, शाळेत मराठी चालते आणि बाजारात गुजराती शब्दही सहज कानी पडतात.

माणसांची जी गोष्ट, तीच झाडाझुडपांची. या भागात कुंपणाला लावलेले एक झुडूप दृष्टीस पडते. मराठी माणूस त्याला अडुळसा म्हणतो, गुजराती माणूस अरडूसी म्हणतो आणि जुन्या संस्कृत वैद्यकग्रंथांत त्याचे नाव वासा असे आहे. नावे तीन, गुण मात्र एकच. त्याचा पाला इतका कडू असतो की शेळ्यामेंढ्या त्याला तोंड लावीत नाहीत. म्हणून ते कुंपणास उत्तम! आणि घरात कोणास खोकला झाला, म्हणजे त्याच कुंपणाची चार पाने काढ्यात पडतात. शेताची राखण करणारे हे झुडूप अशा रीतीने घशाचीही राखण करते.

कार्तिक महिना लागला की भाताची झोडणी सुरू होते. खळ्यावर तूस उडते. पहाटे धुके पडते आणि दुपारी ऊन तापते. अशा दिवसांत घरोघरी खोकल्याची उबळ ऐकू येऊ लागते. पाड्यावरील एका घरात एक वृद्ध आजी याच सुमारास दरवर्षी आलेपाकाच्या वड्या करीत असे. सातवीत शिकणारी तिची नात तिच्या हाताखाली असे.

“आजी, तुझ्या वडीने खोकला पळून जातो, होय ना?” नातीने एकदा विचारले.

“पळतो की नाही, ते मला ठाऊक नाही,” आजी म्हणाली. “घसा निवतो, एवढे मात्र ठाऊक आहे.”

आजीचे हे उत्तर साधे असले तरी विचार करण्यासारखे आहे. खोकला हा शरीराचा शत्रू नव्हे. तो शरीराचा द्वारपाल आहे. श्वासनलिकेत धूळ, धूर किंवा कफ शिरला म्हणजे त्यास बाहेर घालवण्यासाठी छाती जोराने हवा लोटते. त्यालाच आपण खोकला म्हणतो. सर्दीपडशाने येणारा खोकला बहुधा एकदोन आठवड्यांत आपोआप थांबतो. औषध घेतले तरी थांबतो आणि न घेतले तरी थांबतो. आपल्या पूर्वजांनी हे ओळखले होते. ‘सुंठीवाचून खोकला गेला’ ही म्हण त्यांच्या या अनुभवातूनच जन्मली असावी. उपाय न करताच अडचण दूर झाली, असा तिचा अर्थ.

मग वडी कशासाठी? तर तोवरचे दिवस सुसह्य व्हावेत यासाठी. गोड गोळी चघळली की तोंडास लाळ सुटते. ती लाळ हळूहळू घशाखाली उतरते, कोरडा घसा ओला राहतो आणि खवखव कमी होते. आल्याच्या तिखटपणाने घशास ऊब वाटते. डोंगराकडील जाणती माणसे अशा वेळी बेहड्याच्या फळाची साल भाजून तोंडात धरतात, तीही याच कारणासाठी. मात्र त्याच फळातील बी पुष्कळ खाल्ल्यास गुंगी येते, म्हणून ते मुलांच्या हाती देत नाहीत. एकाच फळाची साल घ्यावी आणि बी टाळावे, हे ज्ञान पुस्तकात शिरण्यापूर्वी माणसांच्या अनुभवात होते.

आजीची आलेपाकाची रीत ठरलेली होती. कोवळे, कमी रेषांचे आले स्वच्छ धुऊन, सोलून, तुळशीच्या पंधरावीस पानांसह ती पाट्यावर बारीक वाटी. त्या वाटणाची एक वाटी, तर साखरेच्या दोन वाट्या. त्यात आठदहा मिरे आणि चार लवंगा यांची पूड आणि चमचाभर ज्येष्ठमधाची पूड. हे सारे जाड बुडाच्या पातेल्यात घालून ती मंद विस्तवावर ठेवी आणि उलथन्याने सारखे ढवळीत राही.

एके वर्षी ढवळण्याचे काम नातीने मागून घेतले. थोड्या वेळाने मिश्रणास बुडबुडे आले. हात भरून आले होते. “झाले!” असे म्हणून तिने पातेले उतरवले आणि तूप लावलेल्या ताटात मिश्रण ओतले. तासभर झाला तरी वडी धरेना. सुरीने रेघ ओढावी, तर ती पुन्हा मिळून येई. नातीचा चेहरा उतरला.

आजी रागावली नाही. तिने ते सारे पुन्हा पातेल्यात काढले आणि चुलीवर चढवले. एका वाटीत गार पाणी घेतले. “पाकाला घाई चालत नाही,” ती म्हणाली. “त्याला विचारावे आणि तो सांगेल तेव्हा उतरवावे.” तिने मिश्रणाचा एक थेंब पाण्यात टाकला, तो पसरला. काही वेळाने दुसरा टाकला. त्याची बोटांत मऊ गोळी झाली. पातेल्याची कड सोडून मिश्रण मध्ये गोळा होऊ लागले होते. “आता उतरव,” आजी म्हणाली. या खेपेस वड्या सुरेख पडल्या.

पाण्याच्या वाटीने आजीस जे सांगितले, तेच विज्ञान अंकांत सांगते. साधे पाणी 100 अंश सेल्सिअसला उकळते. साखरेचा पाक जसजसा आटतो, तसतसे त्यातील पाणी कमी होते आणि त्याचे तापमान चढत जाते. मऊ गोळी होते त्या वेळी पाक सुमारे 115 अंशांवर असतो आणि त्यात साखर शेकडा 85 च्या आसपास असते. हाच पाक आणखी आटवून सुमारे 150 अंशांवर नेला, तर थेंब पाण्यात पडताच काचेसारखा कडक होतो आणि मोडताना टचकन आवाज करतो. चघळण्याच्या पारदर्शक कडक गोळ्या अशा पाकाच्या असतात. म्हणजे पाक केवढा तापला, यावरून त्यात पाणी किती उरले हे कळते.

पाणी कमी उरले म्हणूनच वडी टिकते. बुरशीस आणि जंतूंस वाढण्यासाठी पाणी लागते. वडीत जे थोडे पाणी राहते, ते साखरेने धरून ठेवलेले असते. जंतूंच्या वाट्यास ते येत नाही. गुळाचीही वडी होते आणि ती चवीस अधिक खमंग लागते. परंतु गूळ हवेतील ओलावा लवकर ओढून घेतो. समुद्र जवळ असल्याने येथील हवा दमट. म्हणून आजी साखरेची वडी करी आणि घट्ट झाकणाच्या बरणीत ठेवी.

औषधात प्रमाणास किती महत्त्व असते, याचे एक सुंदर उदाहरण आयुर्वेदात आहे. खोकल्यावर ‘सितोपलादि चूर्ण’ नावाचे प्रसिद्ध चूर्ण देतात. सितोपला म्हणजे खडीसाखर. या चूर्णात खडीसाखर 16 भाग, वंशलोचन 8 भाग, पिंपळी 4 भाग, वेलदोडा 2 भाग आणि दालचिनी 1 भाग असते. प्रत्येक पदार्थ आधीच्याच्या निम्मा! हे प्रमाण एकदा ऐकले की विसरू म्हणता विसरत नाही.

कुंपणावरील अडुळशानेही पुढे मोठा प्रवास केला. शास्त्रज्ञांनी त्याच्या पानांतून एक द्रव्य वेगळे काढले आणि वासा या नावावरून त्यास ‘व्हॅसिसीन’ असे नाव दिले. त्याच्या रचनेवरून ‘ब्रोमहेक्सिन’ हे कफ पातळ करणारे औषध तयार झाले आणि 1963 च्या सुमारास ते वापरात आले. आज जगातील अनेक देशांत ते मिळते. तथापि हेही ध्यानात ठेवले पाहिजे की, ज्या वनस्पतीत गुण असतो तिच्यात अपाय करण्याचीही शक्ती असते. गर्भवती स्त्रियांनी अडुळसा घेऊ नये. एक वर्षाच्या आतील बालकास मध चाटवू नये आणि लहान मुलांना कडक गोळी देऊ नये, कारण ती घशात अडकण्याचे भय असते. मधुमेह असलेल्यांनी साखरेच्या वडीपासून दूर राहावे.

परंतु वडीची सर्वांत मोठी मर्यादा नातीस एका शिमग्याला कळली.

शेजारचे काका दिवाळीनंतर वीटभट्टीवर कामास गेले होते. ते सणासाठी घरी आले, तेव्हा खोकत होते. “मावशी, चार वड्या द्या,” असे म्हणून ते वड्या घेऊन गेले. तीन दिवसांनी पुन्हा आले. नातीने लगबगीने बरणी काढली. तेवढ्यात आजीने विचारले, “हा खोकला कधीपासूनचा रे?”

“भट्टीवरच लागला. महिना होत आला. धुराधुळीचा खोकला तो, मावशी.”

“संध्याकाळी अंग तापते?”

काका काही बोलले नाहीत. फाल्गुनातील उन्हातही त्यांनी अंगावर चादर घेतली होती. त्यांचा सदरा खांद्यांवर सैल झाला होता.

आजीने नातीच्या हातातून बरणी घेतली आणि झाकण लावले. “आता तुला वडी द्यायची नाही. उद्या सरकारी दवाखान्यात जा.”

नातीस फार वाईट वाटले. दारी आलेल्या माणसास आजीने रिकाम्या हाताने परत पाठवलेले तिने कधी पाहिले नव्हते. काका म्हणाले, “परवा भट्टीवर परतायचे आहे. रोज बुडेल.”

“बुडालेला रोज भरून निघतो,” आजी म्हणाली. “माझा भाऊ असाच खोकत होता. एक पावसाळाभर आम्ही त्याला काढे दिले. चांगले काढे होते. पण तो खोकला काढ्याचा नव्हता.” एवढे बोलून ती गप्प राहिली.

दुसऱ्या दिवशी नातीचे वडील काकांसोबत दवाखान्यात गेले. तेथे त्यांच्या थुंकीची तपासणी झाली आणि क्षयरोग असल्याचे निष्पन्न झाले. क्षयाचे जंतू रॉबर्ट कॉख या जर्मन शास्त्रज्ञाने शोधले. हा शोध त्याने 24 मार्च 1882 रोजी जाहीर केला. रोगी खोकला म्हणजे हे जंतू हवेत पसरतात आणि घरातील इतरांसही बाधा होऊ शकते. दोन आठवड्यांहून अधिक टिकणारा खोकला, संध्याकाळचा ताप, उतरणारे वजन, थुंकीत रक्त ही त्याची लक्षणे होत. एकेकाळी हा रोग म्हणजे मरणच समजत. आज नियमित औषध घेतल्यास, बहुधा सहा महिन्यांत, तो पूर्ण बरा होतो आणि सरकारी दवाखान्यात तपासणी आणि औषध विनामूल्य मिळते. मात्र थोडे बरे वाटताच औषध सोडणे घातक असते. काकांनी ते सोडले नाही. त्यांच्या घरातील सर्वांचीही तपासणी झाली.

पुन्हा कार्तिक आला. आजीने पाटा धुऊन ठेवला होता. काका अंगणात आले. त्यांच्या हातात आपल्या परसातील आल्याचा ताजा गड्डा होता. “मावशी,” ते हसून म्हणाले, “आता तरी वडी मिळेल ना?”

आजीने आले नातीकडे दिले. नातीने ते धुतले, सोलले आणि वाटले. पाक चुलीवर चढला, तेव्हा गार पाण्याची वाटी तिने न सांगता जवळ आणून ठेवली.

काही खोकले सुंठीवाचून जातात. काहींना सुंठीचा, आल्याचा आधार मिळतो. पण काही खोकले असे असतात की त्यांना सुंठ पुरी पडत नाही. यांतील भेद ज्याला कळतो, त्याच्याच हातातील वडी औषध ठरते.

अभ्यास

1. पुढील प्रश्नांची उत्तरे दोन ते तीन वाक्यांत लिहा.
(अ) अडुळसा कुंपणास उपयोगी का पडतो?
(आ) नातीने केलेली पहिली वडी का धरली नाही?
(इ) आजी गुळाऐवजी साखरेची वडी का करी?

2. कारणे सांगा.
(अ) आजीने काकांना वडी देण्याचे नाकारले.
(आ) नातीला आजीच्या वागण्याचे वाईट वाटले.

3. ‘खोकला हा शरीराचा शत्रू नव्हे, तो शरीराचा द्वारपाल आहे.’ हे विधान स्वतःच्या शब्दांत स्पष्ट करा.

4. सितोपलादि चूर्ण 62 ग्रॅम करावयाचे असल्यास प्रत्येक पदार्थ किती घ्यावा लागेल?

5. पुढील शब्दांचा आणि शब्दसमूहांचा वाक्यांत उपयोग करा : सुसह्य, निष्पन्न होणे, चेहरा उतरणे, रिकाम्या हाताने परत पाठवणे.

6. ‘सुंठीवाचून खोकला गेला’ ही म्हण शोभेल असा एक प्रसंग लिहा.

7. उपक्रम : आपल्या घराभोवतालच्या पाच औषधी वनस्पतींची नावे घरातील वडीलधाऱ्यांना विचारून लिहा. प्रत्येकीचा उपयोग आणि तो करताना घ्यावयाची काळजी, दोन्ही नोंदवा.