तहनाम्याची भाषा : वसई, १७३९

वसईच्या मोहिमेचा विचार आपल्याकडे प्रायः चिमाजी अप्पाने ब्रह्मेंद्रस्वामींस लिहिलेल्या पत्राच्या अंगाने होतो. त्या पत्रात सुरुंग आहेत, बुरूज आहेत, प्रेते आहेत. तहाची कलमे मात्र इतिहासकारांवर सोपवून आपण मोकळे झालो.

वस्तुतः हा मजकूर विलक्षण आहे. हजारो माणसे तटाखाली पडल्यावर जेत्याने जितांस आठ दिवसांची मुदत द्यावी. शिबंदीने सशस्त्र, नगारे वाजवीत, निशाणे फडकवीत निघावे. तोवर जेत्याने बाहेर थांबावे! वीररस संपतो आणि दफ्तराची थंड भाषा सुरू होते. दिवसाबद्दलही एकमत नाही. पांढरे निशाण लागले तो दिवस पोर्तुगीजांचा १६ मे, मुंबईकर इंग्रजांच्या जुन्या पंचांगानुसार ५ मे, मराठी कागदांत शके १६६१ ची तिथी. किल्ला रिकामा झाला तो एका दफ्तरात २३ रोजी, दुसऱ्यात १२ रोजी.

इंग्रजांचा जमाखर्च याहून विचित्र. वेढ्यातील शहरास त्यांनी १५,००० रुपये कर्जाऊ दिले आणि तारण म्हणून चर्चची चांदी व पितळी तोफा घेतल्या. ज्यांनी तट राखायचा, त्याच तोफा गहाण! कागदांत याचे आश्चर्य कोणासही वाटलेले दिसत नाही, आणि उपरोधाची खरी जागा तीच.

एका कलमापाशी मात्र हसू थांबते. मागे राहणाऱ्या ख्रिस्ती रयतेस धर्माचरणाची मोकळीक आणि त्यासाठी शहरात, प्रांतात व साष्टीत मोजकी चर्चे, असे ते कलम आहे. वसईतील ख्रिस्ती मराठी लेखनाचा मागोवा घेणाऱ्याने विजयवृत्तान्ताआधी हे रूक्ष वाक्य वाचावे.