शेकर लोकांचे एकत्र घर

अमेरिका देशाचे नाव आपण ऐकले आहे. त्या देशात दोनशे वर्षांपूर्वी काही वस्त्या अशा होत्या, की तिथे कुणाचेही स्वतःचे शेत नव्हते. स्वतःचे घर नव्हते. स्वतःची गाय नव्हती. आणि नवरा-बायको म्हणून कुणी राहत नव्हते. सारे एकमेकांना भाऊ नि बहीण म्हणत. या लोकांना शेकर म्हणतात. त्यांची हकीकत या पाठात सांगतो.

शेकर म्हणजे थरथरणारा. हे नाव लोकांनी चेष्टेने ठेवले. प्रार्थना करताना हे लोक अंगात आल्यासारखे थरथर कापत, नाचत, ओरडत. त्यांचा धर्म ख्रिस्ती. पण त्यातला त्यांचा पंथ वेगळा. पुढे चेष्टेचे नावच त्यांना चिकटले, आणि त्यांनीही ते मानून घेतले.

या पंथाची पुढारी एक बाई होती. तिचे नाव अ‍ॅन ली. इंग्लंडात मँचेस्टर नावाचे शहर आहे. तिथे १७३६ साली एका लोहाराच्या घरी ती जन्मली. लहानपणीच कापडाच्या धंद्यात कामाला लागली. शाळा कुठली? तिला लिहिता-वाचता येत नव्हते. १७६२ साली तिचे लग्न झाले, तेव्हा वहीत सही करायची वेळ आली. तिने फुलीची खूण केली. तिला चार मुले झाली आणि चारही लहानपणीच गेली. आईच्या जिवाचे काय झाले असेल, ते आम्ही काय सांगावे? त्या दुःखात ती या थरथरणाऱ्या लोकांच्या मेळ्यात ओढली गेली. प्रार्थनेत गोंगाट केला म्हणून तिला तुरुंगात घातले. तिथे तिला दर्शन झाले, असे ती सांगे. स्त्री-पुरुषांचा संग हेच सगळ्या पापाचे मूळ, असे तिचे मत झाले. तेव्हापासून लोक तिला मदर अ‍ॅन, म्हणजे अ‍ॅनआई म्हणू लागले.

१७७४ साली ती आठ माणसे बरोबर घेऊन जहाजाने अमेरिकेला गेली. नवराही बरोबर होता. पण पुढे तो तिला सोडून गेला. न्यूयॉर्क राज्यात आल्बनी शहराजवळ दलदलीच्या जमिनीवर या मंडळींनी झोपड्या घातल्या. तेवढ्यात अमेरिकेचे इंग्लंडशी युद्ध जुंपले. ही माणसे इंग्लंडची, आणि वर म्हणतात, आम्ही हत्यार धरणार नाही! लोकांना हेर वाटले. १७८० साली अ‍ॅन लीला पुन्हा कैद झाली. पुढे गावोगाव फिरताना जमावाने तिला मारहाणही केली. १७८४ साली ती वारली.

तिच्यामागे जोसेफ मीचम आणि लुसी राइट या दोघांनी पंथाची घडी बसवली. १७९६ साली मीचम वारला. त्यानंतर पंचवीस वर्षे सारा कारभार लुसी राइट या बाईने पाहिला. प्रत्येक घरात दोन वडील भाऊ आणि दोन वडील बहिणी कारभारी असत. ज्या काळात अमेरिकेत बायकांना मत देण्याचा हक्क नव्हता, त्या काळातली ही गोष्ट बरं का.

एका घरात पन्नास-साठ, कधी शंभरसुद्धा माणसे राहत. घर एकच, पण दारे दोन, जिने दोन. एक पुरुषांचा, एक बायकांचा. जेवण एका खोलीत, पण पंगती वेगळ्या आणि बोलणे बंद. पंथात येणाऱ्याने आपली पापे कबूल करायची आणि पूर्ण सभासद होताना आपली चीजवस्तू सगळ्यांच्या नावे करायची. आजारी पडला, म्हातारा झाला, तरी त्याला कुणी टाकत नसे.

पण याची दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. नवरा पंथात गेला आणि बायकोला जायचे नसेल, तर काय? यूनिस चॅपमन नावाच्या बाईवर हीच पाळी आली. तिचा नवरा तिन्ही मुले घेऊन शेकरांकडे गेला. त्या वेळच्या कायद्याने मुलांवर हक्क बापाचा. बाई गप्प बसली नाही. तिने आपली कैफियत छापून वाटली, राज्याच्या कायदेमंडळाचे दार ठोठावले. १८१८ साली तिच्यासाठी खास कायदा होऊन तिला घटस्फोट मिळाला, आणि मुलेही तिने परत मिळवली. शेकर लोक दयाळू होते हे खरे. पण या प्रकरणात न्याय त्या आईच्या बाजूने होता, असे आम्हांला वाटते.

आता त्यांचे काम बघा. काम म्हणजेच पूजा, असे ते मानत. खुर्ची केली तर हलकी नि मजबूत, नक्षी नाही. भिंतीला ओळीने खुंट्या. झाडताना खुर्च्यासुद्धा खुंटीला टांगायच्या, म्हणजे जमीन मोकळी. आधी तिकडे झाडू गोल जुडीचा असे. शेकरांनी तो चपटा करून दोऱ्याने शिवला. त्या झाडूचे पीक म्हणजे आपल्या ज्वारीचीच एक जात. भाजीपाल्याचे बी ते कागदाच्या लहान पुड्यांत भरून विकत. गाडीतून गावोगाव जायचे, दुकानदाराकडे पेटी ठेवायची, आणि हंगाम संपला की विकल्या मालाचे पैसे घ्यायचे. बाहेरून घेतलेले बी आपल्या बियाण्यात मिसळायचे नाही, असा ठराव त्यांच्या काही वस्त्यांनी १८१९ साली केला. बी खोटे निघाले तर शेतकऱ्याचे वर्ष जाते, हे आपल्याला वेगळे सांगायला नको.

मॅसॅच्युसेट्स राज्यात हँकॉक येथे त्यांनी १८२६ साली दगडी गोठा बांधला. तो चक्क गोल! मधोमध गवताचा ढीग, भोवती पन्नासएक गाई, सगळ्यांची तोंडे गवताकडे. वरच्या मजल्यावर गाडी आत न्यायची आणि गवत मध्ये लोटायचे. शेण खालच्या तळघरात पडे. एवढ्या गाईंना वैरण घालायला माणसे थोडी लागत. तो गोठा पुढे जळाला, पण पुन्हा बांधला. आजही लोक तो पाहायला जातात.

अमेरिकेत १८६१ साली यादवी युद्ध सुरू झाले. केंटकी राज्यातल्या शेकरांनी दोन्ही बाजूंच्या भुकेल्या शिपायांना जेवू घातले. तरुण भावांना सैन्यात बोलावणे आले, तेव्हा पुढारी १८६३ साली अध्यक्ष लिंकन यांना भेटले. ते म्हणाले, आमच्यात जुने शिपाई आहेत. त्यांना सरकारकडून मिळणारे पेन्शन त्यांनी कधी घेतले नाही. तो हिशेब बघा आणि आम्हांला सोडा. लिंकननी ऐकले.

भरभराटीच्या काळात चार-पाच हजार शेकर होते. मग ओहोटी लागली. लग्न नाही, म्हणून घरात मूल जन्मत नाही. अनाथ मुले ते सांभाळत, शिकवत. पण एकवीस वर्षांचे झाल्यावर राहायचे की जायचे, हे ज्याचे त्याने ठरवायचे. बहुतेक जात. शहरात कारखाने निघाले, तिथे मजुरी रोख मिळू लागली. कारखान्याची खुर्ची स्वस्त, शेकरांची महाग. एकेक वस्ती बंद पडली. न्यू हॅम्पशायर राज्यातल्या कँटरबरी वस्तीची शेवटची बहीण १९९२ साली वारली.

मेन राज्यात सॅबथडे लेक नावाची एकच वस्ती आता उरली आहे. २०१७ साली तिथे दोनच माणसे राहिली होती. आजही सभासद बोटांवर मोजण्याइतकेच आहेत. मेंढरे आहेत, औषधी पाल्याची शेती आहे. नव्या माणसाला त्यांनी दार बंद केलेले नाही. १७९४ साली बांधलेले प्रार्थनाघर अजून उभे आहे. त्यालाही दारे दोन आहेत, एक भावांसाठी आणि एक बहिणींसाठी.