चि. निखिलला, पटकथेविषयी

नांदेड, शनिवार



तुझी पटकथा वाचून काढली. विषय लाखमोलाचा आहे. पाण्याच्या टाक्यांभोवती जमावबंदी आणि मग एप्रिल 2016 मध्ये मिरजेहून रेल्वेने आलेलं पाणी, हे सगळं तू लातुरात राहून पाहिलेलं आहेस. पण तुझी माणसं बोलतात फार. टंचाईवर शिक्षक बोलतो, नगरसेवक बोलतो, शेवटी आजीसुद्धा भाषण ठोकते.

गदिमांनी लिहिलेला ‘दो आँखें बारह हाथ’ (1957) नीट बघ. त्याचं मूळ खऱ्या प्रयोगात आहे. औंध संस्थानात 1939 च्या सुमारास राजेसाहेब भवानराव आणि मॉरिस फ्रिडमन या पोलिश गृहस्थांनी आटपाडीजवळ स्वतंत्रपूर वसवलं. शिक्षा झालेले कैदी, भोवती भिंत नाही, कसायला जमीन. गदिमांचं शेटफळं त्याच तालुक्यातलं, म्हणजे गोष्ट त्यांच्या दारातलीच. तेवढ्यावर सिनेमा होत नाही, बाबा. कैद्यांवर विश्वास टाकला, हा झाला विचार. तो कॅमेऱ्याला दिसत नाही. दिसतात ते जेलरचे डोळे. बेड्या नसलेले सहा खुनी त्या नजरेला बांधलेले राहतात. पुढे बाजारात भाजी स्वस्त विकली म्हणून व्यापारी उलटतात, तेव्हा सुधारणेची किंमत काय पडते ते भाषणाशिवाय कळतं. हा चित्रपट 1958 साली बर्लिनच्या महोत्सवात गौरवला गेला. आटपाडीची गोष्ट समजायला तिथल्या माणसांना अडचण आली नाही.

‘राम जोशी’, ‘पुढचं पाऊल’, ‘लाखाची गोष्ट’, ‘जगाच्या पाठीवर’ ही गदिमांचीच कामं. शाहिराच्या आयुष्यापासून निखळ विनोदापर्यंत सगळं त्यांनी हाताळलं. लोक गीतरामायण आठवतात आणि पटकथाकार गदिमा विसरतात, याचं मला फार वाईट वाटतं. या धंद्यात नाव मागे राहतं, हे आत्ताच मनाशी धरून ठेव.

आता तुझी आजी. तिचं भाषण काढून टाक. टँकरच्या रांगेत तिची रिकामी घागर ठेव आणि तिला लिंबाच्या सावलीत बसव. कुणी घागर पायाने मागे सरकवली की तिची मान वर होते, ती उठते, घागर पुन्हा जागेवर ठेवते आणि परत जाऊन बसते. तहान, वय, भांडण, सगळं त्यात आलं. नगरसेवकाची मग गरजच उरत नाही.

मुंबईला जायची घाई करू नकोस. एवढा एकच प्रसंग, एकही संवाद न घालता, लिहून गणपतीच्या आत मला पाठव.

तुझा,
मामा